गालिच्यातला वास

३ जाने. ९७
पुन्हा डाग. सोफ्याच्या पायाशीच. फिनेल ओतलं, गरम पाणी ओतलं, घासून घासून बोटं सोलली. वाळल्यावर वास दुप्पट. हे म्हणाले, "एक कुत्रं सांभाळता येत नाही तुला." जणू मीच आणलंय. दिवाळीनंतर सासरे, म्हणजे आप्पा, कोसाडहून, थोरल्या भाऊजींकडून, आमच्याकडे राहायला आले ते एक ट्रंक आणि भुऱ्याला घेऊन. प्लेगच्या साली अर्धं सुरत पळत होतं, तेव्हा आप्पांनी रस्त्यावरून उचललेलं पिल्लू ते.

आणि गालिचा तरी कसला! शेठने ऑफिस नवं केलं, जुना ह्यांना दिला. सचिन गावच्या मिलमध्ये डाइंग मास्तर म्हणून इतकी वर्षं राबले, आणि बक्षीस काय, तर शेठच्या बुटांखालचं. ह्यांना मात्र तो देवघराहून पवित्र.

६ जाने.
समोरच्या हंसाबेन वाकून हुंगून गेल्या. "घसशो नहीं, दबावो." घासलं की आत उतरतं, गरम पाण्यानं वास पक्का बसतो म्हणे. जुनं धोतर दाबून दाबून ओल टिपली. मग सिरका-पाणी, वर खायचा सोडा, रात्रभर तसाच. सकाळी झाडून काढला. बराच फरक. बरं वाटलं. आप्पांना म्हटलं, "भुऱ्याला आता बाल्कनीत बांधू." त्यांच्या हातातला चहा तसाच निवला.

९ जाने.
पुन्हा! ह्यांनी मिलमधून हायड्रोची पावडर आणून भिजवून ओतली, कपड्याचा रंग उडवायची ती. डाग गेला, बरोबर गालिच्याचा लाल रंगही. ताटाएवढा पांढरा चट्टा. स्वतः रंगाचे मास्तर. आणि राग माझ्यावर, भुऱ्यावर. लाथ घातली त्याला. ओरडलासुद्धा नाही बिचारा.

१२ जाने. रवि.
सकाळी हे भुऱ्याला स्कूटरवर पायाशी बसवून घेऊन गेले. मला वाटलं, इंजेक्शन द्यायला. एकटेच परत. "कडोदऱ्याला सोडला, हायवेवर. ढाबे आहेत, मरत नाही." आणि आंघोळीला गेले.
ना मला विचारलं, ना आप्पांना. पण आप्पा तिथेच बसलेले! एवढं लाडाचं जनावर, चकार शब्द काढला नाही. मला ह्यांच्यापेक्षा त्यांचाच राग जास्त आला.

१४ जाने.
उत्तरायण. सगळी सोसायटी गच्चीवर. मी तिळाचे लाडू न्यायला खाली आले. दार लोटलेलं. आप्पा सोफ्यापाशी ओणवे, धोतर ओलं, हातात माझंच फडकं. दाबत होते.
मी दारातच उभी.
"ते त्यानं नही व्हतं, माय. मन्हं व्हतं. उठस नि व्हई जास. माले कयतच नही." म्हणजे डाग भुऱ्याचे नव्हतेच, आप्पांचे; उठताना होतं, त्यांना कळतही नाही.
मग भुऱ्याला का नेऊ दिलंत, मी विचारलं. फडकं पुन्हा दाबलं. मग, "थोरलानी याकरताच काढं माले."
वर कोणाचा तरी पतंग कापला, केवढा ओरडा झाला. मी फडकं त्यांच्या हातून घेतलं. त्यांना धोतर बदलायला पाठवलं. लाडू न्यायचे राहिलेच.

१५ जाने.
ह्यांना सांगू नको म्हणतात आप्पा. मी का म्हणून? धुवायचं मी, बोलणी खायची मी, आणि आता झाकायचंही मीच. दवाखान्यात चला म्हटलं तर तेही नको, मुलाला कळेल म्हणून. "पोऱ्याले कयी."
म्हातारपण आहे, समजतं मला. पण त्या मुक्या जीवाला पुढे केलं, ते...

२१ जाने.
वास जातच नव्हता. आज गालिचा उचलून पाहिला. खालचं फोमचं अस्तर भिजून कुजलेलं. वरून किती सिरका ओतला तरी काय होणार होतं? कापून फेकलं. फरशी धुतली, गालिचा दोन्ही बाजूंनी उन्हात टाकला.
सं. जेवताना हे म्हणतात, "बघ, कुत्रं गेलं आणि घर कसं स्वच्छ झालं." आप्पांनी घास खाली ठेवला. मी आमटी वाढली. आणखी काय करणार.

२४ जाने.
आप्पा आता तहान लागली तरी पाणी पीत नाहीत. ओठ सुकलेत. तांब्या भरून ठेवते, भरलेलाच राहतो. माझ्याकडे बघत नाहीत. मीही नाही.

२७ जाने.
सकाळी आप्पा न सांगता निघून गेले. दु. हंसाबेनबरोबर स्टॉपपर्यंत शोधून आले. संध्याकाळी रिक्षा थांबली, आप्पा उतरले, हातात सुतळी, सुतळीला कुत्रं. "भुऱ्या गवसना, माय. ढाबामांगे व्हता."
सापडला म्हणतात, पण भुऱ्या नव्हे तो. भुऱ्याचा डावा कान चिरलेला, ह्याचे दोन्ही धड. शिवाय ही कुत्री आहे.
आप्पांना दिसत नाही की दिसूनही... विचारलं नाही. पाणी दिलं. आज घटाघटा प्यायले.

ह्यांचं येणं झालं. दारातच थांबले. "आला का परत? रविवारी बारडोलीच्या पुढे नेऊन टाकतो." ज्याला स्वतः उचलून स्कूटरवर घातलं, त्याला ओळखतही नाहीत.
माझ्या तोंडून निघून गेलं, "ते कुत्र्याचं नव्हतंच."
"मग कोणाचं?"
आप्पा सुतळी सोडत होते. हात थांबले.
मी म्हटलं, "जेवून घ्या आधी."
जेवले. पुन्हा विचारलं नाही. आता दोघं बाहेरच्या खोलीत बसलेत, टीव्ही बंद, मध्ये ती कुत्री. मी स्वयंपाकघरात हे लिहितेय. आत्ता आप्पांनी घसा खाकरला.