आईच्या अंगावरचं कापड

दार्मे,

आशीर्वाद नंतर देते, आधी सांग, माझ्या पेटीची किल्ली लारसला कोणी दिली? तूच, दुसरं कोण. व्हिडिओत माझी लेक लारस कॉफीच्या दुकानात बसलीय, पायात पांढरे बूट आणि कमरेला आईच्या मयतावर पांघरलेलं बाटिक. खाली पोरं लिहितात, "ताई, नक्षी भारी, कुठून घेतलीस?" ती नक्षी आपल्याकडे मयतावरच घालतात, हे तिला कोणी सांगायचं? तू तिची मावशी, घरात बसून काय करत होतीस?

हल्लीच्या पोरी बाटिक नेसून हिंडतात, त्याला माझी ना नाही. आपल्याला लाज वाटायची, या निदान नेसतात. येत्या रविवारी सोलो शहरात सगळ्या नेसून जमणार म्हणे. तिला माझ्या लग्नाचं तपकिरी दे, बुटांवर नेसली तरी चालेल. गाठ तेवढी नीट शिकव, चारचौघांत सुटायची.

मी बरी आहे. इथे मी सांभाळते ती म्हातारी आता पोटभर जेवते. तुझा गुडघा कसा आहे?

आईला माती दिली तेव्हा मी इथे तैवानात या म्हातारीला भरवत होते. सुट्टी मिळाली नाही. आईच्या अंगाला लागलेलं तेवढंच माझ्यासाठी ठेवलं होतंस. त्याला पाणी लावू नकोस.

फोन केला असता, पण तुझा फोन लारसच्याच हातात असतो. सुट्टीवर गावी येणारी मुर्निंग हे पत्र सोमवारी आणून देईल. कापड धुतलंस की नाही, ते तिच्या फोनवरून गुरुवारच्या आत कळव. धुतलं असलं तरी खरं सांग.

तुझी ताई,
सुपार्ती