खाणीच्या यादीत नसलेले नाव

मी, श्रीमती पुष्पावती राधाकृष्ण वर्पे, वय ६८, निवृत्त शिक्षिका, राहणार संगमनेर, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. गुडघे गेले आहेत, बुद्धी शाबूत आहे. शेजारी बसून कुणी काही सांगत नाही.

१. राहते घर व बँकेतील ठेवी माझी एकुलती मुलगी स्नेहल हिच्या.

२. आईची कोळशाची शेगडी माझ्या स्वयंपाकाच्या केशरबाईंना द्यावी. "बाई, गॅसला अशी धग न्हाई," असे त्या नेहमी म्हणतात. भंगारात घालू नये.

३. कपाटातला पितळी बिल्ला, क्रमांक २१७, स्नेहलने सांभाळावा. माझे वडील अजिनाथ कर्जतहून चांद्याकडच्या कोळसा खाणीत कामाला गेले. तिथे उतरताना बिल्ला जमा करून दिवा घ्यायचा आणि वर आल्यावर बिल्ला परत घ्यायचा. आत कोण आहे, ते त्यावरूनच कळे. १९६९ साली शेजारचे गोरक्षकाका तापाने पडले. त्यांची हजेरी बुडू नये म्हणून बाबा आपल्या सुट्टीच्या दिवशी त्यांचा बिल्ला देऊन उतरले. छत कोसळले, आग लागली, आणि तो भाग विटांनी कायमचा बंद केला. जमा राहिलेल्या आपल्या बिल्ल्याबद्दल गोरक्षकाकांनी खाणीच्या साहेबाला सांगितले, "काल वर येताना बिल्ला घ्यायचा राहिला." बाबांचा हा बिल्ला आमच्या घरी खुंटीवर होता, म्हणून ते उतरलेच नाहीत असे ठरले. आई सांगत राहिली, "डबा मी भरून दिला हुता." साहेब म्हणाला, डब्याची नोंद नसते. खाणीच्या चाळीतल्या आमच्याच नगरकडच्या बायका नळावर आईला म्हणत, "लंकाबाई, तुजा नवरा दुसरीकडं नांदतोय जनू." मी बारा वर्षांची होते. मिशनच्या सिस्टरांनी मला बोर्डिंगात ठेवून घेतले.

४. स्वतःच्या मरणाच्या वर्षभर आधी गोरक्षकाका काठी टेकत माझ्या दारी आले. "पुष्पे, तुजा बाप माज्या नंबरावर मेला. बोललो असतो तर नोकरी गेली असती." मी पाणी दिले, चहा दिला नाही. त्यांचे सहीचे निवेदन बिल्ल्यासोबत आहे. सिस्टरांनी क्षमा शिकवली होती, ती मला जमली नाही. त्यांच्या मुलांशी मात्र कुणी वाकडे बोलू नये.

५. खाणीच्या तोंडाशी मृतांच्या नावांचा दगड आहे. निवेदन दाखवून स्नेहलने त्यावर बाबांचे नाव कोरून घ्यावे. मी दोनदा गेले. "खाण बंद झाली, यादीही बंद झाली," असे उत्तर मिळाले.

६. दगडाचे होवो न होवो, माझ्या निधनाच्या बातमीत "कै. अजिनाथ यांची कन्या" असे छापावे. आईच्या निधनाच्या बातमीत बाबांच्या नावाआधी भावकीने "कै." लावू दिले नाही. "मेल्याचा कागद कुठंय?" म्हणाले. पुन्हा कुणी विचारलेच, तर हा दाखवावा.

संगमनेर, दि. १४ जानेवारी २०२५
(सही) पुष्पावती राधाकृष्ण वर्पे

बाईंनी आमच्यादेखत वाचून सही केली. आम्हीही त्यांच्यादेखत केली.
साक्षीदार: १. डॉ. सुकन्या आभाळे २. समर्थ कडलग