कोरडी गल्ली आणि सातवी बाटली

९ जाने. २००९, शुक्र.
खलास. दुबईचा हॉल गेला. स्पॉन्सर बिल्डर फोन उचलत नाही, ऑफिसला कुलूप. बापूकाकांच्या मनखूलच्या फ्लॅटमध्ये तालीम, सगळे तोंड पाडून. शेवटी आई म्हणाली, "आमच्या शाळेचा हॉल मागून बघते."
शाळा शारजात! मुंबईतल्या दारूबंदीवरचं क्राइम नाटक आपण करणार कुठे, तर जिथे आजही बंदी आहे तिथे. मी इतकी हसले की बापूकाका ओरडले, "प्रॉम्प्टर, पान कुठलं चाललंय?"
'कोरडी गल्ली'चे आधी कुठे कुठे प्रयोग झाले, तो सगळा इतिहास आमच्या मराठी मंडळाच्या वार्षिक अंकासाठी मी लिहिणार. सुपर एक्सायटेड.

२३ जाने.
लिमये आजोबांना गिरगावात फोन. नाटकाच्या पहिल्या संचाचे प्रॉम्प्टर. कमी ऐकू येतं म्हणून स्वतःच ओरडतात.
"तेव्हा बंदी चालू होती गं! पहिल्या रांगेत पोलीस, फुकट पासावर! आणि शेवटच्या सीनला बाटली खरी!"
शेवटचा सीन म्हणजे, इन्स्पेक्टर राणे जप्त केलेली बाटली पंचांसमोर तोंडाला लावतो आणि गुत्तेवाल्या मावशीला वाचवायला खोटं बोलतो, "काढा आहे."
"खरी म्हणजे... दारू?"
"मग काय, गुलाबपाणी? आमची पद्धतच ती. शेवटच्या प्रयोगाला एक खरी."
कसलं भारी! इतिहासात टाकणार.

६ फेब्रु.
नाशिकच्या ग्रुपचा ईमेल आला. त्यांचीही खरी होती. पुण्यात मावशीचं काम केलेल्या बाई (आता सत्तरीच्या) फोनवर नुसत्या हसत राहिल्या, म्हणजे हो.
बापूकाका आमचे राणे. पुण्याच्या प्रयोगात ते पंच होते. त्यांना विचारलं.
"म्हाताऱ्यांच्या गप्पा गं."
फार पटकन म्हणाले. आणि माझ्याकडे न बघता.
घरी येताना क्लिक झालं. आमचा एकच प्रयोग आहे. म्हणजे तोच शेवटचा.

२० फेब्रु.
बापूकाकांना कंपनीने काढलं. सव्वीस वर्षं ड्राफ्ट्समन. व्हिसा कॅन्सल, तिकीट २८ मार्चचं. पाडव्याच्या प्रयोगाच्या दुसऱ्याच दिवशी.
तालमीला तरी आले. "आता मला कोण काय करणार? हाकललं तर हाकललं, बॅग भरलेलीच आहे." सगळे हसले. मी नाही.
कारण हॉलच्या पेपरवर सही आईची आहे. शाळेच्या स्टेजवर खरी बाटली सापडली तर त्यांचं काय, ते चाललेच आहेत. आईची नोकरी जाईल, व्हिसा जाईल, कदाचित त्याहून वाईट. बाबांचा पगार आधीच अर्धा झालाय.
आईला सांगू? ती प्रयोगच बंद करेल. बा.का.चा शेवटचा.
नाही सांगितलं.

१३ मार्च
प्रॉप्स माझ्याकडे. सरबताच्या सहा बाटल्या, लेबलं मीच खरवडली, आत कोरा चहा. आज मोजल्या तर सात. सातवीच्या गळ्याला लाल दोरा.
"ती माझी. घशासाठी काढा. काकूने पाठवलाय."
"कोणाबरोबर?"
"आलं कोणीतरी."
"वास घेऊ?"
"बूच उघडलं की गुण जातो."
"काका, प्लीज. आईची सही आहे. प्रॉमिस करा."
"आता पोलिसावरच संशय?" आणि राणेसारखी मिशी पिळली. प्रॉमिस नाहीच केलं.

२७ मार्च, पाडवा
घाईत लिहितेय.
तिसऱ्या अंकाआधी लाल दोऱ्याची बाटली उचलली, माझ्या सॅकमध्ये घातली, टेबलावर चहाची ठेवली. हुश्श. पडदा उघडला. टेबलावर लाल दोरा. सॅक बघितली तर रिकामी.
बा.का.नी बाटली तोंडाला लावली. तालमीत ते घोट घेतात आणि लगेच बोलतात. आज थांबले. डोळ्यात पाणी. माझ्यासमोर पान उघडं, वाक्य समोर, आणि मी प्रॉम्प्ट द्यायचं सोडून बाटलीकडेच बघत राहिले. विंगेत आई, हाताची घडी घालून.
"काढा आहे."
टाळ्या! प्रिन्सिपल सर उभे राहून वाजवत होते.
सामान भरताना काकांनी बूच घट्ट लावून बाटली माझ्या हातात दिली. "प्रॉप्स तुझे ना? यल्ला, निघा." मी घेतली. का घेतली?
परत येताना आई चालवत होती, सॅक माझ्या मांडीवर. सिग्नलला शेजारी पोलिसांची गाडी. आई नांदी गुणगुणत होती. मी सॅक पायाशी ढकलली.

२८ मार्च
एअरपोर्ट. सगळं मंडळ. बाजूला ओढून विचारलं, "काका, खरं सांगा ना."
"इतिहास तू लिहितेयस. मी कशाला सांगू?"
डोक्यावर हात ठेवला, आत गेले. वळून नाही बघितलं.

३ एप्रिल
अंकाचं पान द्यायचंय. गिरगाव, नाशिक, पुणे झालं. "शारजा:" लिहिलंय. पुढे कोरं.
बाटली माझ्या कपाटात, स्वेटरांच्या मागे. तळाला बोटभर उरलंय. बूच उघडलं तर कळेल. रोज ठरवते. उघडलं की लिहावं लागेल.
संध्याकाळी लिमये आजोबांचाच फोन. त्यांचा आवाज रिसीव्हरमधून घरभर.
"मग? काय होतं बाटलीत?"
समोर आई पेपर तपासत होती. तिचं लाल पेन थांबलं.
"काढा होता, आजोबा."
"वा! आणि बाहेर कोणी नेली?"
"मी."
हसायला लागले, थांबेचनात. "प्रॉम्प्टरच नेतो! आमच्या वेळी मी नेली. बापूने बरोबर निवडली तुला!"
फोन ठेवला. आई मग वर न बघता म्हणाली, "तुझ्या कपाटातले स्वेटर मी सकाळी आवरलेत हं."
पेन परत चालू झालं.