दादाची फाईल

१२ जाने., सोमवार
डायलिसिस सुरू होऊन सव्वा वर्ष झालं असेल. मोजणं सोडलंय. सोमवार-गुरुवार, सकाळची भोरची एसटी. नसरापूरला दादा भोंगवलीहून येऊन थांबलेला. तिथून वडापच्या जीपनं हायवेवरच्या हॉस्पिटलात. चार तास मशीन, मग उलटा तोच रस्ता. कॉलेजच्या लॅबमधली माझी अर्धी रजा आता सर न विचारताच मांडतात.

मशीनच्या सुया लावायची दादाच्या डाव्या हाताची शीर बंद पडली. डॉक्टर म्हणाले, किडनी बदलायचं बघा, घरातलं कोण देईल? सुनंदा वहिनींना शुगर. आई सत्तरीची. त्याची पोरगी गरोदर, सातवा महिना. डॉक्टरांनी माझ्याकडं बघितलं. "तुम्ही भाऊ ना?"

मी हो म्हणायच्या आत दादा म्हणाला, "सावत्र हाय."

खरंच आहे. त्याची आई वारली, माझा बाप वारला. आईनं त्याच्या वडलांशी, तात्यांशी, दुसरं लग्न केलं तेव्हा तो सात वर्षांचा, मी पाच. वेल्ह्याहून आलो ते आईचा पदर धरून. तो आईला आजही मावशी म्हणतो.

१५ जाने., गुरु.
तो मशीनवर असताना खाली जाऊन रक्त तपासायला दिलं. ओ पॉझिटिव्ह. त्याचंही तेच. कुणाला बोललो नाही. कशाला तपासलं, माझं मलाच...

१९ जाने., सोम.
परत येताना दादाला सांगितलं, आपला रक्तगट एकच आहे. दादा खिडकीतून बाहेर बघत राहिला. नसरापूर आल्यावर एवढंच, "तुझी नको मला."

राग आला. मग वाटलं, सुटलो. मग सुटल्यासारखं वाटल्याचा राग.

त्याला काय आठवलं असेल ते मला माहीत आहे. नऊ वर्षांपूर्वी तात्या गेले. मी खांद्याला पुढं झालो, तर दादाचे चुलते सगळ्यांदेखत म्हणाले, "तू मागं हो. हे रक्ताच्यांचं काम." दादा शेजारीच उभा होता. त्यानं मान खाली घातली. एक शब्द नाही. मी मागं झालो. नंतर सात-आठ वर्षं भोंगवलीला गेलो ते फक्त आईसाठी, ओट्यावरूनच परत. तो आजारी पडला तेव्हा वहिनींचा फोन आला, "भावजी, न्यायला कोण न्हाई." म्हणून जायला लागलो. एवढंच आहे.

२४ जाने., शनि.
बायकोला, कल्पनाला सांगितलं. ती भाकऱ्या करत होती. थांबली नाही, भाकरी थापतच राहिली.

"खांदा देऊ दिला न्हाई तुम्हाला. आता किडनी द्या."
"त्याला नकोय म्हणतो."
"मग झालं तर. मिटलं."
थोड्या वेळानं, "पोरगी बारावीला हाय. तुमी आडवं झाला तर मी कुणाकडं बघू?"

तिचं चूक नाही. जेवलो नाही नीट दोघंही.

२९ जाने., गुरु.
आज वाईट. तिसऱ्या तासाला दादाचा बीपी खाली गेला. पायात गोळे. ओरडला नाही, पण माझं मनगट असं धरलं की अजून वळ आहेत. सिस्टरनी पाय वर केले, सलाईन सोडली. सावरल्यावर म्हणाला, "बास झालं रं आता. मी यायचा न्हाई पुढच्या वारी."

खरं सांगायचं तर तेव्हा मनात आलं, बरं होईल. मग घाण वाटलं स्वतःचंच.

उठताना मी म्हणालो, "सोमवारी नाही आलास तर भोंगवलीला येऊन उचलून नेईन."
तो हसला. "उचलशील? पाणी साचून जड झालोय."

५ फेब्रु., गुरु.
आला होता सोमवारीही, आजही. आज माझ्यासोबत हॉस्पिटलात किडनी बदलायचे कागद बघणाऱ्या मॅडमकडं आला. म्हणजे हो का? विचारलं नाही.

मॅडम चांगल्या आहेत. पण म्हणाल्या, तुमचं रक्ताचं नातं नाही, तेव्हा समितीपुढं जावं लागेल. कुणी दबाव टाकून, काही देऊन किडनी घेत नाही ना, ते बघतात. आमची आडनावं वेगळी, तो सुर्वे, मी रेणुसे. रेशनकार्ड वेगळं. शाळेच्या दाखल्यावर माझ्या बापाचं नाव. कागदावर आम्ही एकमेकांचे कुणीच नाही. "जिव्हाळ्याचा पुरावा लागेल. जुने फोटो असतील ना एकत्र?"

मॅडमनी दादाच्या फाईलीत पुढची ओळ लिहिली. "आणि तुमच्या मिसेसची सही."

८ फेब्रु., रवि.
भोंगवलीला गेलो. बऱ्याच वर्षांनी आत बसलो. आईनं ट्रंक काढली. तात्यांचा फोटो, बैलांचा फोटो, दादाचा शाळेतला. दोघांचा एकत्र एकही नाही. शेवटी वहिनींनी त्यांच्या लग्नाचा अल्बम आणला. त्यात मी आहे. बऱ्याच पानांवर आहे. पण पाठमोरा. पंगतीत वाढतोय. हातात बुंदीची बादली, तोंड पंगतीकडं.

वहिनी म्हणाल्या, "ही पाठ भावजींचीच. शर्ट वळखला मी."
आई हसायला लागली, हसताहसता डोळे पुसले. "पाठीचं फोटू चालत्यात का रं त्यास्नी?"

दादा पलंगावरून बघत होता. म्हणाला, "दिवसभर वाढत व्हता त्यो. जेवला न्हाई."
मला आठवत नव्हतं. त्याला आठवत होतं.

निघताना आईनं हात धरला. "मी सांगत न्हाई दे म्हणून. नको बी म्हणत न्हाई. मला दोन्ही बोलता येत न्हाई." तिच्याकडं बघवेना.

२१ फेब्रु., शनि.
कॉलेजातून आलो तर घराला कुलूप. कल्पना संध्याकाळी आली. एकटीच भोंगवलीला जाऊन आली म्हणे! चहा ठेवला, मग बोलली.

"भांडायलाच गेले व्हते. म्हणलं विचारावं, तवा तोंड का शिवलं व्हतं."
"मग?"
"मी तोंड उघडायच्या आत हात जोडलं त्यांनी. म्हणाले, कल्पना, तू सही करू नको. त्याला काय झालं तर पोरीला त्याच्या मी काय सांगू."

कप पुढ्यात ठेवला. "कुठाय कागद?"
"आत्ता?"
"उद्या मन फिरंल माझं. आणा."

सही केली. पेन जोरात टेकवून, कागद फाटेल अशी. नंतर मोरीत जाऊन बराच वेळ भांडी घासत होती. भांडी दुपारचीच, चार.

१२ मार्च, गुरु.
पुण्यात समितीपुढं जाऊन आलो. मशीन काल करून घेतलं. दोघांना वेगवेगळं बोलावलं, समोर कॅमेरा. मी उत्तर पाठ करून गेलो होतो. आम्ही लहानपणापासून एका ताटात जेवलो वगैरे. पहिलं वाक्य बोललो आणि अडकलो. एका ताटात कधीच जेवलो नव्हतो.

समितीतल्या बाई थांबल्या. "सावकाश. का देताय?"
म्हणालो, "दमलोय मॅडम. दर आठवड्याला दोनदा त्याला असं बघतो. आता बघवत नाही."
"म्हणजे तुमची सुटका व्हावी म्हणून?"
"तेही आहे."
"भांडण होतं का तुमच्यात?"
"होतं. मिटलं असं नाही. बोललोच नाही आम्ही त्यावर."
"उद्या तब्येतीला काही झालं तर त्यांना दोष द्याल?"
"माहीत नाही."

लिहून घेत होत्या. शेजारचे साहेब एकमेकांकडं बघत होते. बिघडवलंच बहुतेक मी. बाहेर येऊन दादाला सांगितलं, नीट नाही झालं. तो आत गेला. बराच वेळ लागला त्याला. बाहेर आला तो डोळे लाल. स्वारगेटपर्यंत रिक्षात शेजारीशेजारी, नुसतेच.

२३ मार्च, सोम.
पत्र नाही. समितीचं काय झालं म्हणून मॅडमना फोन केला. म्हणाल्या, वेळ लागतो, नाही पण म्हणू शकतात, मनाची तयारी ठेवा. कल्पना रोज विचारते, आलं का? आधी नको म्हणणारी तीच.

२६ मार्च, गुरु.
पत्र नाही. वडापात जागा नव्हती, दादा एका कडेला अर्धा टेकलेला, मी दारात. ऊन फार.

मशीन सुरू झाल्यावर त्याला झोप लागली असं वाटलं. मी पेपर उघडला. तर डोळे मिटूनच बोलला.

"त्या बाईंनी आत काय इचारलं माहितीय का? म्हणे, भावाला तुमी हाक काय मारता."
"मग?"
"सुचंनाच मला. लई इचार केला. विलास म्हणून कधी हाक मारली व्हती का म्या तुला?"
मलाही आठवेना.
"मग काय सांगितलंस?"
"म्हणलं, हाक मारायची येळच येत न्हाई. बघावं तवा हितं असतोच त्यो."

थोड्या वेळानं खरंच झोपला. तोंड उघडं. पांघरूण खाली सरकलं होतं, वर ओढलं. मशीनवर अजून दोन तास दाखवत होतं. पेपर होता हातात, वाचला नाही.