शांतम्माचं दार

सोलापूर, ता. ४ फेब्रुवारी

चि. पिंकीस,

केसरमावशीचा आशीर्वाद. भिवंडीत तू आणि जावई खुशाल असाल. तुझा फोन लागत नाही, म्हणून तुझ्या आईच्या पेटीतल्या पत्त्यावर लिहिते.

आपल्या घरकुलात सगळं ठीक. बिल्डिंगला नवा रंग दिलाय. रजियाभाभीच्या लेकीचा नर्सिंगला नंबर लागला, साऱ्या मजल्याला पेढे मिळाले. शेजारचा सिद्धलिंगप्पा गावी मैंदर्गीला गेला की अजून सगळ्यांसाठी कडक भाकरी आणतो.

तुझी आई, शांतम्मा, जेवते. सकाळी मी भाकरी देते, संध्याकाळी भाभी भात. कुणी चुकवत नाही.

पण पिंकी, ती आता मराठी बोलत नाही. विसरलीच म्हण. विड्या वळताना माझ्याशी दिवसदिवस गप्पा मारणारी बाई, आता नुसतं तेलुगू. आणि आपल्या मजल्यावर तेलुगू येणारं एक घर होतं, तेही दिवाळीत पुण्याला गेलं. पोटात दुखतंय की भूक लागलीय, काही कळत नाही. भाभी हातवारे करते, मी हसते, आणि ती रडते.

मागच्या महिन्यात ती हैदराबाद रोडवर ट्रकांच्या मधे उभी होती. सिद्धलिंगप्पानं हाताला धरून आणली.

मी म्हटलं, "आण्णा, आता कसं वो?"

"काय करनार अक्का? समदीच कामाला जातो की आपन."

त्यानं दाराला बाहेरून कडी बसवली. कुलूप मी आणलं.

हेच लिहायला हात धजत नव्हता. रोज तिला खाऊ घालते, पाणी ठेवते, कुलूप लावते आणि शाळेत खिचडी शिजवायला जाते. दवाखान्यात नेलं, ते म्हणाले घरच्यांना आणा. वृद्धाश्रमात विचारलं, त्यांना लेकीचीच सही हवी. आम्ही कोण? शेजारी.

ती दार वाजवत राहते. "तलुपु तिय्यम्मा, तलुपु तिय्यम्मा." तलुपु म्हणजे दार, एवढं आता मजल्यावरच्या पोरांनाही कळतं. पण उघडत कुणी नाही. उघडून काय करायचं?

तुमच्या दोघींत काय बिनसलं ते मी विचारत नाही. फक्त कालचं सांगते. मी दार उघडलं तर ती माझ्याकडे बघून "पिंकी" म्हणाली. मी "व्हय" म्हटलं. मग माझे गाल कुरवाळत कितीतरी वेळ बोलत राहिली. मधेच हसली, मधेच डोळे पुसले. तुला सांगायचं होतं ते सगळं तिनं मला सांगितलं गं, आणि मला त्यातलं एक अक्षर कळलं नाही.

तुझ्या आईची शेजारीण,
केसर