उपनेतेपद आणि पैकीच्या पैकी

३ मार्च
आज पक्षाच्या सचिवपदाचा राजीनामा दिला. उपनेतेपदाची निवडणूक लढवायची तर हातातलं पद सोडावं लागतं, असा नियम. सोडलं. अकरा वर्षांची खुर्ची. उमेदवार पाच, त्यातले चार टाकाऊ.

५ मार्च, सकाळी
कार्यालयातल्या कारकुनाने मतदानाचं परिपत्रक हातात ठेवलं. चार पानं, बारीक टाइप. वाचणार नाही. ज्याला नियम वाचावे लागतात तो नेता कसला? कारकून म्हणाला, प्रत्येक नावापुढे एक ते पाच आकडा लिहायचा. कळलं. पाचपैकी मार्क. एवढ्यासाठी चार पानं!

९ मार्च
घोषणा ठरली: 'मला पाच द्या!' पोस्टर लागली. दातांचा डॉक्टर (हाही उमेदवार, जन्मभर दुसऱ्यांची तोंडं उघडली, स्वतःचं कधी नाही) पोस्टर बघून मला कडकडून भेटला. म्हणाला, माझ्याही माणसांना सांगतो तुम्हाला पाच द्यायला. आतून पार हादरलाय.

१४ मार्च
प्रतिनिधींना फोन. सगळे हो म्हणतात. एक बाई म्हणाल्या, तुम्ही सांगितलं नसतं तरी पाचच दिले असते. गहिवरून आलं. मेंढरं असली तरी माणूस ओळखतात. उद्यापासून रोज अर्धा तास नम्रपणाची प्रॅक्टिस.

१५ मार्च
नम्रपणा राहिला. विजयाचं भाषण लिहायचं होतं.

१७ मार्च, दुपारी
मतदान केलं. स्वतःला पाच, बाकी चौघांना एकेक. शून्य द्यायची सोय नव्हती. आमची ही, म्हणजे बायको, सुद्धा प्रतिनिधी आहे. मत देऊन तशीच भाजी घ्यायला गेली.

१७ मार्च, पाच वाजता
मोजणी. दोनशे बारा मतपत्रिका. एक बाद, कुणा गाढवाने चौघांना एकेक लिहिलं होतं म्हणे. हॉलमध्ये सगळ्यात मोठ्याने मी हसलो. उरलेल्या दोनशे अकरांवर माझ्या नावापुढे पाच. उठलो, हात जोडले, आभार मानायला लागलो. तिसऱ्या वाक्याला कारकुनाने बाही ओढली. एक म्हणजे पहिली पसंती. पाच म्हणजे शेवटची.

१८ मार्च
सचिवपदावर दुसरा बसलासुद्धा. फार लागलं. पण माझी माणसं भोळी, पोस्टर वाचून फसली बिचारी. हिला म्हटलं, तू तरी परिपत्रक वाचायचंस. ही म्हणाली, चारही पानं वाचली होती, मगच पाच लिहिला. तुम्हाला सांभाळणं माझ्या नशिबी आहे, पक्षाने माझं काय घोडं मारलंय?