जी जेवली नाही

हेशान, २५ डिसेंबर १९९३

चि. यिंगशू हिस आईचे अनेक आशीर्वाद.

तार वाचून घाबरली असशील. बाबा वाचले. आज पेज मागून घेतली आणि मीठ कमी म्हणून कुरकुरलेसुद्धा, म्हणजे बरे आहेत.

आता मनातलं लिहिते, लगेच अंगावर येऊ नकोस. हिवाळी सणाला नेहमीसारखं बचनागाचं मूळ डुकराच्या पायाबरोबर शिजवलं. त्यातलं विष मरावं म्हणून आदल्या संध्याकाळी पेटवलेली चूल दुसऱ्या दुपारपर्यंत विझू दिली नाही. लग्न होऊन आल्यापासून मीच शिजवतेय, कुणाची कधी जीभही जड झाली नाही. यंदा जेवून उठतोय तोच माझे ओठ बधिर, तुझा भाऊ ताशन आणि मामा ओकतायत, आणि बाबांची छाती नुसती फडफडतेय. अजून उशीर झाला असता तर गेले असते, असं डॉक्टर म्हणाले.

आणि जेवलं कोण नाही? आपल्या सूनबाई! छाइयुननं सूप ओठालासुद्धा लावलं नाही. भूक नाही म्हणे. चुलीपाशी सगळा वेळ तीच होती. मी तिला माहेरी धाडलंय. ताशन तोंड पाडून बसलाय, बसू दे.

उरलेलं सूप बरणीत भरून बसवाल्याबरोबर पाठवलंय. तू विषाची डॉक्टर म्हणून दोन स्थळं पळाली, तिसरं चहा न पिताच उठलं. आता ती विद्या घरच्या कामी येऊ दे. त्यात काय कालवलंय ते लिही, की मी पोलिसात जाते.

जपून राहा, आणि वेळेवर जेव.
तुझी आई

कुनमिंग, ३० डिसेंबर

ती. आईस यिंगशूचा सा. न. वि. वि.

बरणी पोचली. सुपात बचनागाचंच विष आहे, दुसरं काही नाही. पण इतका वेळ शिजल्यावर उरायला हवं त्याहून पुष्कळ जास्त आहे. म्हणजे कच्चं मूळ नंतर कुणीतरी घातलं.

तुझ्यावर रागवणार होते, पण खरं सांगते, पत्र वाचताना माझ्याही मनात छाइयुनच आली. जेवलं कोण नाही, हे मी रोग्यांच्या घरच्यांना रोज विचारते. या नोकरीनं माझं मन नासलंय. कुणी मायेनं वाढलं तरी आधी वास घेते.

तरी पोलिसात जाऊ नकोस. शेजारच्या तानकाकू आठवतात? काका बचनाग मुरवलेली औषधी दारू पिऊन गेले आणि गावानं काकूंवर आळ घेतला. त्या घर सोडून गेल्या त्या परत कुणाला दिसल्या नाहीत. दारू कुणी, कशी मुरवली, हे एकानंही विचारलं नाही. मी या विद्येत शिरले ती त्यांच्यापायी.

चूल पेटल्यापासून ताटं वाढेपर्यंत झाकण कुणी उघडलं, काय घातलं, सगळं लिही. क्षुल्लक म्हणून काही गाळू नकोस.

बाबांना नमस्कार. माझ्यावरची माया पातळ होऊ देऊ नकोस.
तुझी यिंगशू

हेशान, ४ जानेवारी १९९४

चि. यिंगशू हिस आशीर्वाद.

कच्चं मूळ! म्हणजे माझा संशय खरा. आता आईचीच उलटतपासणी, तर घे.

रात्रभर छाइयुननं लाकडं सारली. सकाळी मात्र बाईसाहेब चूल सोडून दहादा परसात. वास सोसवत नाही म्हणून थुंकत बसायची. काय एकेक नखरे! सगळं माझ्याच गळ्यात. त्यात मामा अचानक उगवला. रिकाम्या हातानं आला नाही बिचारा, डोंगरावरची ताजी मुळं घेऊन आला. माणसं वाढली, भांडं ओकंबोकं दिसायला लागलं, म्हणून त्यातली दोन मुठी चिरून टाकली आणि छान ढवळलं. वाढताना मऊ शिजलेल्या फोडी बाबांना दिल्या. एवढंच. यात मी काय गाळलं?

तिनं कधी डाव साधला ते आता तूच शोध.
आई

कुनमिंग, ८ जानेवारी

ती. आईस सा. न. वि. वि.

हे पत्र एकटी असताना वाच.

आई, त्या दोन मुठी. आधीची मुळं रात्रभर शिजली, मामाची फक्त सकाळभर. त्यांचं विष आख्ख्या रश्शात उतरलं, बाबांना दिलेल्या मऊ फोडींतही मुरलं. कुणीही डाव साधला नाही.

आणि सकाळी थुंकत बसणारी, वास न सोसणारी, बचनागाला न शिवणारी सून. दिवस गेलेल्या बाईनं हे मूळ खायचं नसतं, ते तूच मला शिकवलंस. तीन महिने भरेपर्यंत वाच्यता करायची नाही, हेही तुझंच. ते मलाही तुझं दुसरं पत्र वाचेपर्यंत सुचलं नाही, मीही तिच्यावर संशयच घेत बसले.

ताशनला पाठवू नकोस. तू स्वतः जा.
यिंगशू

हेशान, १५ जानेवारी

चि. यिंगशू हिस आशीर्वाद.

गेले होते. अंडी नेली, गूळ नेला. बाबा म्हणाले, तोंडही घेऊन जा, पण बंद ठेव. मला बंद ठेवता आलं नाही, दारातच रडले.

तिला सगळं ठाऊक होतं गं. दुसऱ्या दिवशी भांडं घासताना तिला तळाशी कडक, अर्धकच्च्या फोडी सापडल्या होत्या. आणि मी तिचं बोचकं बाहेर फेकत होते तेव्हा तिनं ते उचललं आणि वाट धरली. म्हटलं, अगं, त्या फोडी तोंडावर का नाही मारल्यास माझ्या? तर खाली मान घालून म्हणाली, "मला माहेर तरी होतं. गावानं तुम्हाला बोल लावला असता, तर या वयात तुम्ही कुठे गेला असता?"

आता ती घरी आहे. आज मी पेज केली. आधी मी चार घास खाल्ले, मग तिच्यापुढे ठेवली. ती हसली आणि माझ्या वाटीतलीच जेवली.

उन्हाळ्यात ये. तुला आत्या म्हणणारं कुणीतरी येतंय.
तुझी आई